न आलेली शिंक

तुम्ही शेवटचं कुणाच्या पडण्यावर हसलात? नीट आठवा. वरातीत चिखलावरून घसरलेला करवला असेल, स्टेज मोडून खाली गेलेला पुढारी असेल, नाहीतर मोबाइलवर आलेला कुणी अनोळखी माणूस असेल. हसलात, पुढच्याला पाठवलंत, त्यानंही हसून पुढे ढकललं. पण तो माणूस नंतर उठला का, हे तुम्ही पाहिलंत का?

हा प्रश्न मला वर्षभर पडत नाही. तो मोसम धरून येतो. आमच्या निपाणीत पंचांगात नसलेला एक मोसम असतो, भरतीचा. शेतातली तंबाखू वखारीत येऊन पडलेली असते, गल्लीबोळांत तिचा उग्र, घशात खवखवणारा वास भरलेला असतो, आणि हायवेच्या खालच्या अंगाच्या मैदानावरून उजाडायच्या सुमाराला पावलांचे आवाज यायला लागतात. धप, धप, धप. कुणी पोलिसात जायचं म्हणून पळतं, कुणी मिलिटरीत. घराघरात वाटीभर हरभरे भिजत पडतात. चहाच्या गाड्यावर उंची, छाती आणि सेकंद यांशिवाय दुसरं बोलणं नसतं. शिकून घरी बसलेल्या पोरांना आमच्याकडे दोनच दारं उघडी आहेत. एक बेळगावच्या उद्यमबागेतल्या ओतकामाच्या भट्टीचं, तेही कंत्राटावर. दुसरं या मैदानाचं. दुसऱ्या दारातून आत जायचं तर पळतच जावं लागतं.

मी आता बेळगावात शहापूरला राहते, छपाईच्या दुकानात पत्रकं आणि लग्नपत्रिका जुळवते. खोलीच्या मागच्या भिंतीपलीकडे माग चालतात. इतर वेळी तो आवाज मागाचाच असतो. पण या मोसमात पहाटे अर्धवट जाग आली की खटक-खटक ऐकताना वाटतं, कुणीतरी पळतंय. एकाच चालीनं, न थांबता, शेवटच्या फेरीत. आणि ती फेरी काही केल्या संपत नाही.

यंदा या मोसमात एक पोस्टरही आलं. बसस्टँडजवळच्या भिंतीवर चिकटवलेलं, खळ अजून ओली. उलट्या टोप्या घातलेले, पँट उसवलेले, लाठ्या उलट्या धरलेले पोलीस रंगरूट, आणि त्यांच्या मधोमध जीभ बाहेर काढून उताणा पडलेला एक जाडजूड रंगरूट. खाली कन्नडमध्ये मोठ्या अक्षरांत लिहिलेलं, भाग दोन. माणसं जाता-जाता बघत होती आणि आधीच हसत होती. माझ्या हातातली पिशवी गळून पडली नाही वगैरे. मी फक्त चालायची थांबले, आणि मागून येणारी बाई मला शिव्या देत बाजूनं गेली.

भाग एक आला तेव्हा मिलिंद होता.

मिलिंद आमच्या गल्लीतला, आमच्या दारासमोरच्या दारातला. त्याची आई, शारदाकाकू, वखारीत तंबाखू चाळायला जाते. वडील लवकर गेले. मिलिंद आयटीआय करून उद्यमबागेत भट्टीवर लागला होता. घरी आला की त्याच्या केसांना जळक्या वाळूचा वास यायचा. मग कंत्राट संपलं, मालकानं उद्यापासून येऊ नको म्हणून सांगितलं, आणि तो डबा घेऊन परत आला. अंगानं भरलेला, गालांचा, पोटाचा. चालताना त्याच्या आधी त्याचं हसू पोचायचं. आणि या मुलानं ठरवलं, पोलीस व्हायचं.

आता आमचं घर म्हणजे पत्रकांचं घर. आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, हयातभर पत्रकं लिहिली. वखारीतल्या बायकांच्या मजुरीची, नळाची, जयंतीची, कचेरीत मराठीत कागद मिळावा म्हणून मागणीची. गुलाबी, पिवळा, पातळ कागद. मी अक्षरं त्यावरच शिकले, आमच्या भाकरीही त्यातच बांधल्या जायच्या. आप्पांचा नियम होता, पत्रकाची पहिली ओळ वाचणाऱ्याला प्रश्न विचारणारी पाहिजे आणि शेवटची ओळ त्याला काम सांगणारी. आप्पांच्या नडगीवर लाठीचा एक जुना वळ आहे. अंघोळ करून आले की तो वळ ओला, काळसर दिसायचा. अशा घराच्या ओसरीवर बसून मिलिंदनं जाहीर केलं की तो भरतीला उतरणार.

आप्पांनी चहाचा कप खाली ठेवला. "पोलिसात जाऊन कुणाला मारणार रं?"

"तुमास्नीच की, आप्पा," मिलिंद म्हणाला. "लांब कशाला जायचं? तुमी मोर्चा काढायचा, मी पैली काठी हळू मारायची. घरचं गिऱ्हाईक म्हणून सवलत."

आप्पा हसू दाबायला गेले आणि चहा नाकात गेला. ठसका थांबल्यावर त्यांनी खरं उत्तर मागितलं. मिलिंद तेव्हा हसत नव्हता. म्हणाला, "आपल्या गल्लीत पोलीस आला की माणसं दारं लावून घेत्यात, आप्पा. मी आलो तर उघडतील की."

 

अडचण दोन गोष्टींची होती, पोट आणि कन्नड. भरती कर्नाटकाची, आमची शाळा मराठी. बाजारात चालेल एवढं कन्नड सगळ्यांनाच येतं, पण साहेबासमोर उभं राहून बोलायचं म्हटलं की जीभ अडखळायची. तेव्हाच तो सिनेमा आला. कशालाच लायक नसलेले रंगरूट, एकाला कुत्र्याची भीती, एकाला रक्ताची, एक उभ्या-उभ्या झोपणारा, आणि त्यांना माणसात आणायला निघालेला मिशाळ उस्ताद. मैदानावरच्या पोरांनी तो मोबाइलवर उतरवून घेतला आणि शाळेचं पुस्तक वाचावं तसा थांबवून-थांबवून बघितला. शिकवायला बसू होता. बसवराज, कोपऱ्यावरच्या घरातला, घरी कन्नड बोलणारा, मिलिंदचा जिवाचा मित्र, तोही भरतीला पळणारा.

"आयला, असं खऱ्या सायबाला म्हणालास तर भरती व्हायच्या आधीच काढून टाकतील तुला," बसू कपाळाला हात लावायचा. कारण त्या सिनेमातून शिकलेलं मिलिंदचं सगळं कन्नड म्हणजे उस्तादाच्या आरोळ्या आणि शिव्या. एकदा संकेश्वरला बसमध्ये त्यानं कंडक्टरला तिकीट मागितलं ते कवायतीच्या हुकमासारखं, छाती काढून. कंडक्टर दचकून सरळ उभा राहिला. मग सबंध बस हसली, कंडक्टर सगळ्यात जास्त.

त्या सिनेमातला एक प्रसंग आमच्या मैदानानं उचलला. जाडा रंगरूट पळायचं टाळायला धाडकन पडतो, मेल्याचं सोंग घेतो. उस्ताद ओरडतो, "एद्देळो!" म्हणजे, ऊठ रं. तो उठत नाही. मग उस्ताद आपला पायमोजा काढून त्याच्या नाकाला लावतो आणि तो शिंकत-शिंकत उभा राहतो. आमच्या पोरांनी मोज्याच्या जागी निपाणीची तपकीर आणली. कुणाच्या तरी आजीच्या डबीतली, चिमूटभर. दमलेला जो कुणी मैदानात आडवा होई, त्याच्याभोवती सगळे जमायचे, "एद्देळो! एद्देळो!" म्हणून ओरडायचे, आणि एकजण त्याच्या नाकाखाली तपकीर धरायचा. शिंक आली की टाळ्या. मिलिंदची शिंक सगळ्यात मोठी. रस्त्यावरची कुत्री भुंकायला लागायची. मी सुट्टीला घरी असले की ओसरीतून ती ऐकू यायची आणि शारदाकाकू भाकरी थापता-थापता म्हणायच्या, "झालं ह्यांचं पळून."

मैदानाचा आणखी एक रिवाज होता, आणि त्यावर कुणीच हसत नसे. पळायच्या आधी पाणी प्यायचं नाही. आदल्या संध्याकाळपासूनच कमी करायचं. "पोट जड होतंय. पाय उचलत न्हाईत." हे कुणी सांगितलं, कुणाला माहीत नव्हतं. आदल्या वर्षीच्या पोरांनी सांगितलेलं, त्यांना त्यांच्या आदल्यांनी. जे भरती झाले ते असेच पळाले होते म्हणे. जे झाले नाहीत तेही असेच पळाले होते, पण त्यांना कोण विचारतो? गालात एक वेलदोडा धरायचा आणि तहान गिळायची. जो पाणी प्यायला त्याला पोरं "घागर" म्हणायची. आठवडाभर. नावानं हाक नाही, "ए घागर." मिलिंदला तर जाडा म्हणून सगळ्यांनी आधीच इतकी नावं ठेवली होती की आणखी एक त्याला नको होतं.

त्या दिवशी मी तिथं नव्हते. मी बेळगावात परीक्षेच्या वर्गात बसले होते. तरी मला ती दुपार दिसते, कारण बसूनं ती मला सांगितली. एकदाच सांगितली, मैदानाच्या कडेच्या रोलरवर बसून, माझ्याकडे न बघता.

खऱ्या भरतीत नंबर कधी लागेल सांगता येत नाही, भर दुपारीही पळावं लागतं, म्हणून पोरांनी त्या दिवशी दुपारच्या उन्हात सोळाशे मीटर पळायचं ठरवलं. पोट उतरावं म्हणून मिलिंदनं अंगात स्वेटर घातला होता. पाणी अर्थात नाही. शेवटच्या फेरीत तो चांगला पळत होता, बसू म्हणाला. इतका चांगला कधीच पळाला नव्हता. चुन्याची रेघ समोर दिसत होती. आणि तिथं तो पडला. धाडकन, अगदी सिनेमातल्यासारखा, उताणा.

"सगळ्यास्नी वाटलं सोंग करालाय," बसू म्हणाला. "त्याच्याएवढं झकास कोण पडत होतं? आमी गोल केला. एद्देळो, एद्देळो. मी डबी काढली. हसत हसत धरली गं विद्या, नाकाला. शिंकंना. म्हणलं, आज लई भारी करालाय. आनि एक चिमूट धरली. पोरं टाळ्या वाजवालती."

तो नखानं रोलरचा गंज खरवडत राहिला.

"शिंक आलीच न्हाय," तो म्हणाला.

डॉक्टरांनी सांगितलं की ऊन डोक्यात गेलं, अंगात पाण्याचा अंश राहिला नव्हता. सांगितलं आणि दुसऱ्या पेशंटकडे गेले. त्यांचंही बरोबर, रांग मोठी होती.

त्यानंतर मैदानावरून एक शब्द नाहीसा झाला. "एद्देळो" कुणी म्हणेना. घरी कन्नड बोलणारी पोरंसुद्धा तो शब्द आला की वळसा घालून दुसरं काहीतरी म्हणत. तपकिरीची डबी बसूनं कुठं टाकली ते त्यालाच माहीत. तो त्याच मोसमात भरती झाला, आता आमच्याच तालुक्यात पोलीस आहे. गल्लीत गणवेशात येतो तेव्हा माणसं दारं लावत नाहीत. पण मिलिंदच्या दारासमोरून जाताना तो मोटरसायकल बंद करून ढकलत नेतो.

आणि शारदाकाकू. वखारीत तंबाखू चाळणारी बाई दिवसभर शिंकते. ती कामाचीच गोष्ट आहे, धूळ नाकातोंडात जाते, पदर बांधला तरी जाते. घरी आल्यावरही पदर झटकला की शिंका येतात. मिलिंद गेल्यापासून काकूंना शिंक आली की त्या दाराकडे बघतात, मैदानावरच्या शिंकेमागून तो घरी यायचा तसा. प्रत्येक वेळी. शिंक, आणि मान दाराकडे. मी हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला रडू आलं नाही, राग आला. कुणाचा, ते ठरवता येईना. ज्या मुलीला लहानपणापासून प्रत्येक दुःखाखाली जबाबदार माणसाचं नाव लिहायची सवय लावली आहे, तिला नाव सापडलं नाही की तो राग घरभर फिरत राहतो.

यंदा काकूंचा फोन आला. "विद्या, सुजाता पळायला लागलीया."

सुजाता मिलिंदची धाकटी बहीण. तो गेला तेव्हा शाळेत होती. आता पदवी झाली, आणि घरात दुसरं कमावतं माणूस नाही.

"पळू दे की, काकू."

"पळू दे. मीच हरभरं भिजत घालतोय तिला." त्यांनी आवाज उतरवला. "पाणी न पिता पळतीया. माझं ऐकत न्हाय. तुझं ऐकंल. तू सांग."

म्हणजे तीच तहान, तेच मैदान, त्याच घरातली दुसरी पोर. फोन ठेवला तेव्हा भिंतीपलीकडे माग चालू होता आणि मला तो ऐकवेना.

सुजाता रविवारी बेळगावला कन्नडच्या क्लासला येते. मी तिला बसस्टँडवर गाठलं आणि तिथंच सुरू केलं. ती पोस्टरकडे बघत होती.

"आक्का, हा सिनेमा दाखव. मग तुझं भाषण ऐकतो." आमच्याकडे बायका-मुलीही "ऐकतो, जातो"च म्हणतात.

"डोकं ठिकाणावर हाय काय तुझं? हाच सिनेमा?"

"हाच. दादानं पैला लई वेळा बघितलाता. दुसऱ्यात काय झालं, ते कुणीतरी बघाय पायजे की."

अंधारात बसल्यावर मला कळलं की मी खुर्चीचे हात घट्ट धरलेत. सिनेमा वाईट नव्हता, हे मला कबूल करावं लागेल. तेच रंगरूट आता पोलीस झालेले आणि अजूनही कशालाच लायक नसलेले. चोर पकडायला निघतात आणि आमदाराच्या म्हशीला अटक करतात. सगळं टॉकीज हसत होतं. बेळगावात मराठी आणि कन्नड माणसं एकाच वेळी एकाच गोष्टीवर हसताना मी इतक्या जवळून क्वचितच ऐकली आहेत. आणि मग तो प्रसंग आला. जाडा पळतो, धाडकन पडतो. टॉकीजला काय होणार ते ठाऊक होतं. उस्तादानं तोंड उघडायच्या आधीच मागच्या रांगांमधून, बाल्कनीतून, सगळीकडून आरोळी उठली, "एद्देळोऽऽ!"

इतक्या वर्षांनी तो शब्द ऐकला, तोही शेकडो तोंडांतून. पडद्यावर पायमोज्यांची रांग लागली होती. मी शिंकेची वाट बघायला थांबले नाही. उठून बाहेर आले. उठताना मला दिसलं, सुजाता हसत होती. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत, पोट धरून, अगदी मिलिंदसारखी.

सिनेमा सुटल्यावर ती बाहेर आली तेव्हा मी टॉकीजच्या पायरीवर तोंड फिरवून बसले होते.

"रागावलीस व्हय?" ती माझ्याशेजारी पायरीवर बसली. "आक्का, आमच्या घरात हसवणारा त्योच होता. त्यो गेल्यावर कुणी हसलंच न्हाय. आई हसत न्हाय, मी हसलो तर आईला कसं वाटंल म्हणून मी हसत न्हाय. आज अंधार होता. त्याचंबी हसून आलो, माझंबी हसून आलो."

मी म्हटलं, "आणि पाणी? सिनेमा दाखवला की आता."

ती चपलेच्या अंगठ्याशी खेळत राहिली. मला वाटलं होतं, ती म्हणेल, दादा तसाच पळायचा म्हणून मीही. ते उत्तर मला समजलं असतं, त्यावर माझ्याकडे भाषण तयार होतं. ती म्हणाली, "पोरी घागर म्हणत्यात, आक्का."

एवढंच. एक माणूस या रिवाजानं मेला, त्याच्या बहिणीला ते माहीत आहे, आणि तरी तिला मरणापेक्षा त्या नावाची भीती जास्त वाटत होती.

मी त्याच संध्याकाळी पत्रक लिहिलं. मथळा होता, पडणाऱ्यावर हसणं बंद करा. सिनेमा बंद पाडा, टॉकीजसमोर जमा, निषेध करा. ओळीमागून ओळ धडाधड उतरत होती. पुढच्या सुट्टीला निपाणीला जाऊन ते आप्पांच्या हातात दिलं. आप्पांनी चष्मा लावून ते दोनदा वाचलं. माझ्या पत्रकांवर ते पेन्सिलनं खुणा करतात. या वेळी पेन्सिल कानावरच राहिली.

"शत्रू चुकलाय, विद्या," ते म्हणाले.

"म्हणजे तुम्ही पण हसणाऱ्यांच्या बाजूचे?"

"पोरं हसली म्हणून मेला काय त्यो पोरगा? तहानेनं मेला. सिनेमा बंद पाडशील, उद्या तिसरा येईल. मैदानावर नळ हाय काय? माठ हाय काय? इतकी वर्षं इतकी पोरं पळालीत तिथं, आपण कुणी घोटभर पाणी ठेवलं? मी ठेवलं? नळासाठी पत्रकं काढली मी, आनि समोरचं मैदान कोरडंच." त्यांनी शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं. "हितं काम काय दिलंस लोकास्नी? निषेध करा. निषेधानं कुणाची तहान भागतीया गं?"

मी भांडले. बराच वेळ भांडले. मला अजूनही वाटतं की ते हसणं काहीतरी देणं लागतं. पण पत्रक मी छापलं नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे आप्पा आणि मी मैदानावर न्यायला आमच्या घरातली घागर घासत होतो तेव्हा समोरचं दार उघडलं. शारदाकाकूंच्या कमरेवर त्यांची घागर होती, भरलेली. आमचं बोलणं आदल्या दिवशी त्यांच्या दारापर्यंत गेलंच असणार, आमच्या गल्लीत आवाजाला भिंत नाही. त्या मैदानाच्या वाटेनं पुढे चालायला लागल्या. मिलिंद गेल्यापासून काकू मैदानाकडे फिरकल्या नव्हत्या. वखारीलासुद्धा त्या लांबच्या वाटेनं जातात.

मैदानावर धुकं होतं. उन्हाळ्यातसुद्धा पहाटे आमच्याकडे असं पातळ धुकं असतं, त्यात पळणाऱ्यांचे आधी आवाज येतात आणि मागून माणसं. आवाज आल्यावर माणूस दिसेपर्यंतच्या क्षणात तो कुणीही असू शकतो. मुली एका बाजूला कमरा वळवत होत्या. सुजातानं आईला पाहिलं आणि ती थिजली. काकूंनी रोलरजवळच्या दगडावर घागर ठेवली, वर फुलपात्र उपडं घातलं आणि वखारीत हाका मारायच्या त्याच मोठ्या आवाजात म्हणाल्या, "प्या, आनि मग पळा. ज्याला कुणाला घागर म्हणायचं हाय, त्यानं मला म्हणा."

 आधी एक उंच मुलगी आली, मान खाली घालून प्याली. मग दुसरी. मग पलीकडच्या बाजूचा एक मुलगा, इकडेतिकडे बघत. सुजाता सगळ्यात शेवटी आली. काकूंनी फुलपात्र भरलं आणि तिच्या हातात न देता तिच्या तोंडालाच लावलं, लहान मुलाला लावतात तसं. सुजाता सगळ्यांसमोर प्याली. घोटाघोटाला तिचा गळा हलत होता आणि काकू तो बघत होत्या.

बसू रात्रीची ड्यूटी संपवून घरी चालला होता. रस्त्यावर मोटरसायकल लावून तो कठड्याशी उभा राहिला, गणवेशातच.

मुलींची चारशेची शर्यत म्हणजे मैदानाची एक फेरी. सुजाता निघाली आणि धुक्यात गेली. पावलं ऐकू येत होती, पलीकडच्या वळणावरून, मग आणखी पुढून. मग ती दिसली, केस सुटलेले, तोंड उघडं. चुन्याची रेघ ओलांडली. दोन पावलं पुढे गेली आणि धाडकन उताणी पडली, हात पसरून.

मैदान थांबलं. खरंच थांबलं, मागून येणाऱ्या मुलीसुद्धा जागच्या जागी उभ्या राहिल्या. आम्ही सगळेच धावलो. आप्पांच्या हातातलं पाणी वाटेत सांडलं. काकू सगळ्यांच्या आधी पोचल्या होत्या, तिच्या डोक्याशी बसल्या होत्या. सुजाताची छाती वरखाली होत होती. डोळे मिटलेले. ओठांच्या कडेला काहीतरी होतं, ते हसू आहे हे कळायला मला वेळ लागला.

डोळे न उघडता ती म्हणाली, "म्हणा की कुणीतरी."

 मला वाटलं तिच्या एक थोबाडीत द्यावी. मग गर्दी बाजूला झाली. बसू आला, टोपी काढून हातात घेतली आणि तिच्या पायाशी उकिडवा बसला.  अगदी बारीक आवाज आला. आणि तो सिनेमातला शब्द नव्हता. कन्नड घरांत आजारी लेकीला उठवताना म्हणतात तसा होता. "एद्देळव्वा," तो म्हणाला. ऊठ गं बाय. "एद्देळव्वा."

काकूंनी पदरानं सुजाताचं तोंड पुसलं. काकूंच्या पदरात कायम तंबाखूची धूळ असते, धुतला तरी असते.

आणि सुजाताला शिंक आली. अशी मोठी की रस्त्यावरची कुत्री भुंकायला लागली.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. बसूनं टोपी तोंडावर धरली आणि त्याचे खांदे हलत राहिले. काकूंनी मान दाराकडे वळवली नाही. तिथं दार नव्हतंच. त्या सुजाताकडे बघत होत्या, आणि मला वाटतं, त्या हसत होत्या. काकूंचा हसरा चेहरा मी विसरले होते, त्यामुळे खात्रीनं सांगता येत नाही.

सुजाताची भरती अजून व्हायची आहे. होईल किंवा होणार नाही. मी शहापूरला परत आले आहे, भिंतीपलीकडे माग चालतो आहे, आणि पहाटे अजूनही त्यात कुणीतरी पळतं. त्याची फेरी पूर्ण होणार नाही, हे मला माहीत आहे. पण आता त्या आवाजात मला तहानही ऐकू येते. आधी नुसती पावलं ऐकू यायची.

म्हणून शेवटची ओळ कामाची. तुमच्या गावाच्या कडेलाही असं एक मैदान असेल, आणि या दिवसांत तिथं कुणी ना कुणी पळत असेल. उद्या उजाडताना तिथं एक घागर भरून ठेवा. नुसती ठेवू नका, जवळ उभं राहा आणि पहिला घोट सगळ्यांसमोर तुम्ही घ्या, म्हणजे नाव पडायचं तर तुम्हाला पडेल. आणि कुणी पडलं तर हसायला मी मनाई करत नाही. आधी त्याच्याजवळ जा, त्याचा श्वास ऐका, त्याला उठवा. मग दोघं मिळून हसा.